बांधावरचं कारागिरांचं गाव

नागपंचमीला बाया वारुळाला लाह्या वाहून, फेर धरून परतल्या की पोरांचा प्रश्न ठरलेला: आबा, नाग घरात होता का?

असेल नाही तर नसेल. पण ते घर काही त्यानं बांधलेलं नाही. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात ते उगाच नाही, पोरांनो. ते बांधलं आंधळ्या गवंड्यांनी. आणि त्यांच्या तळघरात एक बुरशी राहते, ती काळाला घाई करायला लावते. हसू नका, ऐका.

आपल्या अंबड-घनसावंगीकडं बांधावर, बाभळीच्या बुडाशी वारुळं दिसतात ना, ती वाळवीची. मोसंबीवाल्याला नाव काढलं तरी राग येतो, आणि त्यात चूक काही नाही, खोड पोखरलं की कुणालाही येईल. पण कारागिरी बघा. तोंडात मातीचा गोळा घ्यायचा, लाळ मिसळायची, जागेवर दाबायचा. बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत रेनी बॉर्जेस आणि तेजस मूर्ती यांच्या गटानं वारुळाची माती तपासली. या किड्यांच्या हातची माती साध्या मातीच्या जवळजवळ दहापट मजबूत निघाली. मिस्त्री नाही, नकाशा नाही, ओळंबा नाही.

आता तळघरात चला. वाळवीला वाळकं लाकूड, पाचट, गवत गोळा करता येतं, पण त्यातला चिवट भाग या जातीच्या पोटाला नीट झेपत नाही. म्हणून ती शेती करते. म्हातारे कामकरी बाहेरून काडीकचरा आणतात. तरुण तो खातात आणि त्यासोबत बुरशीचे बीजाणूही. अर्धवट पचलेला तो चोथा पोटातून झटपट बाहेर येतो आणि त्याचंच छिद्राछिद्रांचं पोळं रचलं जातं. त्यावर बुरशी वाढते, बारीक साबुदाण्यासारखे पांढरे दाणे धरते. हे दाणे तरुणांचं खाणं. पोळं जुनं होऊन मऊ पडलं की ते म्हाताऱ्यांच्या वाट्याला.

बघा, जोखमीचं बाहेरचं काम म्हाताऱ्यांकडं आणि घरातलं तरुणांकडं. आपल्याकडं दळणाला मला पाठवता ते अगदीच शास्त्राला सोडून नाही म्हणायचं.

आता काळाची गंमत. कोरडवाहू रानात पडलेला बाभळीचा ओंडका वर्षानुवर्षं तसाच पडून राहतो. वारुळात त्याचा भुगा गेला की साधारण दीड-दोन महिन्यांत त्याचं अन्न होऊन जातं. उलट त्याच वारुळात राणी बघा. कामकऱ्याचं आयुष्य महिन्यांत मोजायचं. राणी मात्र बोटाएवढी फुगून, दिवसाला हजारो अंडी घालत, कितीतरी वर्षं जगते. आणि राजा? तोही तिथंच, तिच्याजवळ, जन्मभर. मधमाश्यांच्या नराला हे भाग्य नाही.

हा करार किती जुना? माणसानं शेती सुरू केली त्याला दहा-बारा हजार वर्षं. यांनी ती आफ्रिकेच्या जंगलात सुरू केली तीन कोटी वर्षांपूर्वी. एवढ्या काळात वाळवी बुरशी सोडून जगायला शिकली नाही, आणि ही बुरशीही वाळवीखेरीज रानात कुठं सापडत नाही.

शेती म्हटलं की तण आलंच. दुसरी एक बुरशी पोळ्यात दबा धरून असते. कामकरी हटले की काही दिवसांतच ती सगळं व्यापते. मोहालीच्या आयसरमधल्या संशोधकांचा यावरचा अभ्यास 2025 मध्ये प्रसिद्ध झाला. तण थोडं असेल तर वाळवी तेवढं काढून टाकते, जास्त असेल तर मातीचे गोळे रचून गाडून टाकते, आणि त्या मातीत तणाला रोखणारे सूक्ष्मजीवही असतात. आपण पाठीवर पंप घेऊन फवारत बसतो.

वराहमिहिरानं सहाव्या शतकात वारूळ ही जमिनीखालच्या पाण्याची खूण म्हणून सांगितली. दुष्काळात ती आजही लोकांना आठवते. मी तरी नुसत्या वारुळावर भरवसा ठेवून बोअर घेणार नाही.

वाळवीच्या शेतीची खरी कसोटी पुढंच आहे. मृगाच्या पावसात पंखवाली वाळवी दिव्याभोवती गर्दी करते, ती नवी गावं वसवायला निघालेली राजा-राणीची जोडपी. पंख गाळून जोडपं जमिनीत शिरतं. पण बहुतेक जातींत ते बुरशीचं बियाणं सोबत नेत नाही! पहिले कामकरी मोठे व्हायला काही आठवडे जातात. ते बाहेर पडतात त्या सुमारास जुन्या वारुळांतली बुरशी पावसानं वर येऊन छत्री उघडते, बीजाणू सांडते. कामकरी ते उचलून घरी नेतात आणि शेती लागते. वेळ चुकली, बियाणं मिळालं नाही, की ते गाव उठलंच.

‘मग त्या छत्र्या आपण खायच्या का?’ धाकटीला खाण्याचंच सुचणार. खातात. विदर्भात सात्या, कोकणात रोवण म्हणून मोठ्या चवीनं. दांडा मुळासारखा खोल, थेट पोळ्यापर्यंत गेलेला असतो. पण तिच्यासारख्या दिसणाऱ्या विषारी छत्र्याही असतात, तेव्हा जाणत्या माणसाशिवाय एकीलाही हात लावायचा नाही.