ग्रान, जूडी
(२८ जुलै १९४०– ). स्त्रीवादी अमेरिकन कवयित्री. जन्म शिकागो येथे, कष्टकरी कुटुंबात. समलिंगी असल्याच्या कारणावरून तिला हवाई दलातून काढून टाकण्यात आले. 'द कॉमन वुमन' (१९६९) ह्या तिच्या काव्यमालिकेत उपाहारगृहातील वाढपिणीसारख्या सात स्त्रियांची शब्दचित्रे आहेत. शीर्षकातील इंग्रजी शब्दाचे 'सामान्य' आणि 'सामाईक' असे दोन्ही अर्थ तिने जागे ठेवले आहेत. कीव मात्र कोठेही नाही. 'अ वुमन इज टॉकिंग टू डेथ' (१९७४) ही दीर्घकविता तिची सर्वांत प्रभावी रचना होय. पुलावरील अपघातात गौरवर्णीय मोटारसायकलस्वार मरतो आणि कृष्णवर्णीय मोटारचालक तुरुंगात जातो. समलिंगी स्त्रीची साक्ष कोण मानणार, ह्या भीतीने निवेदिका तेथून निघून जाते व त्याचा जाब स्वतःलाच विचारते. निषेधकाव्यात असे आत्मपरीक्षण विरळाच.