चित्रफितीच्या कालावधीचे रूपांतर

चित्रफितीच्या कालावधीचे रूपांतर म्हणजे सेकंदांत किंवा मिनिटांत नोंदवलेली चित्रफितीची अथवा चित्रपटाची लांबी तास आणि दिवस या मोठ्या एककांत मांडण्याची गणिती क्रिया होय. चित्रपटाची लांबी मिनिटांत सांगण्याची प्रथा आहे. परंतु ती हजारो मिनिटांची असल्यास केवळ त्या आकड्यावरून तिचा नेमका अंदाज येत नाही.

एकके

एका मिनिटात ६० सेकंद, एका तासात ६० मिनिटे आणि एका दिवसात २४ तास असतात. म्हणजेच एक दिवस १,४४० मिनिटांचा किंवा ८६,४०० सेकंदांचा होतो. पारंपरिक भारतीय कालगणनेत अहोरात्राच्या ६० घटिका आणि एका घटिकेची ६० पळे मानली जातात. त्यानुसार घटिका २४ मिनिटांची, तर पळ २४ सेकंदांचे असते. या एककांमधील प्रमाण दहाच्या पटीत वाढत नसल्यामुळे मीटर-किलोमीटरप्रमाणे केवळ दशांशचिन्ह सरकवून रूपांतर करता येत नाही.

पद्धत

एकूण मिनिटांना ६० ने भागल्यास भागाकार तास दर्शवतो आणि बाकी उरलेली मिनिटे दर्शवते. तासांना पुन्हा २४ ने भागल्यास भागाकार दिवस आणि बाकी तास दर्शवते.

'लॉजिस्टिक्स' (२०१२) हा स्वीडिश प्रायोगिक चित्रपट ५१,४२० मिनिटांचा आहे. पावले मोजणाऱ्या एका यंत्राचा स्टॉकहोममधील दुकानापासून चीनमधील कारखान्यापर्यंतचा उलटा प्रवास त्यात दाखवला आहे.

५१,४२० ÷ ६० = ८५७ तास, बाकी ०
८५७ ÷ २४ = ३५ दिवस, बाकी १७ तास

म्हणून त्याचा कालावधी ३५ दिवस १७ तास होतो. पडताळा: (३५ × १,४४०) + (१७ × ६०) = ५०,४०० + १,०२० = ५१,४२० मिनिटे.

दशांश अपूर्णांकातील चूक

गणकयंत्र बाकी न दाखवता दशांश अपूर्णांक दाखवते. क्लोद लांझमान यांच्या 'शोआ' (१९८५) या माहितीपटाची लांबी सामान्यतः ५६६ मिनिटे नोंदवली जाते. ५६६ ÷ ६० = ९.४३ येते, परंतु याचा अर्थ ९ तास ४३ मिनिटे असा होत नाही. ०.४३ तास म्हणजे ०.४३ × ६०, अर्थात सुमारे २६ मिनिटे. त्यामुळे योग्य उत्तर ९ तास २६ मिनिटे असे आहे. त्याचप्रमाणे ३५.७१ दिवसांतील ०.७१ ला २४ ने गुणल्यावर सुमारे १७ तास मिळतात.

चौकटींची गती

चित्रफितीची लांबी दर सेकंदाला किती चौकटी दाखवल्या जातात यावरही अवलंबून असते. २४ चौकटींच्या गतीने चित्रित केलेला १०० मिनिटांचा चित्रपट २५ चौकटींच्या गतीने दाखवल्यास ९६ मिनिटांत संपतो. याउलट, अँडी वॉरहॉल यांचा 'एम्पायर' (१९६४) हा चित्रपट २४ चौकटींच्या गतीने चित्रित करून १६ चौकटींच्या गतीने दाखवला जातो. त्यामुळे मूळ चित्रणाच्या दीडपट वेळ, म्हणजे सुमारे ८ तास ५ मिनिटे लागतात. म्हणून रूपांतरापूर्वी नोंदवलेला कालावधी कोणत्या गतीचा आहे, हे पाहणे आवश्यक ठरते.

'दिवस' शब्दाचा अर्थ

रूपांतरातील दिवस हा सलग २४ तासांचा असतो. तो पाहणाऱ्याचा दिवस नसतो. नॉर्वेच्या एनआरके या वाहिनीने २०११ मध्ये बर्गन ते किर्केनेस या जहाजप्रवासाचे १३४ तासांचे थेट प्रक्षेपण केले. हा कालावधी ५ दिवस १४ तास होतो. मात्र तेच चित्रण रोज ३ तास पाहिल्यास १३४ ÷ ३ = ४४, बाकी २, म्हणजेच ते पूर्ण होण्यास ४५ दिवस लागतात. अशा वेळी भाजक २४ न घेता रोजच्या पाहण्याच्या तासांइतका घ्यावा लागतो आणि बाकी उरल्यास एक दिवस वाढवावा लागतो.