‘नादा सोसो’ : एका गीताचा चित्रपट

क्रौंचवधानें व्याकुळ झालेल्या वाल्मीकींचा शोकच श्लोकरूपानें प्रगट झाला, ही कथा आमच्या वाचकांस सुपरिचित आहे. जपानांत शोकाचें गीत व गीताचा चित्रपट कसा झाला, तें आज सांगण्याचें आम्हीं योजिलें आहे.

श्रीमती र्‍योको मोरियामा या तेथील प्रख्यात गायिका. त्यांचे वडील बंधु तरुणपणींच वारले. पुढें ओकिनावा प्रांतांतील इशिगाकी बेटाच्या ‘बिगिन’ नामक गायकमंडळीनें त्यांस एक चाल दिली. तिच्यासाठीं शब्द रचितांना त्यांनीं त्या बंधूंचें स्मरण केलें. ‘नादा सोसो’ म्हणजे ओकिनावाच्या बोलींत घळघळ वाहणारे अश्रु. इशिगाकीच्याच रिमी नात्सुकावा यांनीं २००१ सालीं तें गाइलें आणि तें घरोघर पोंचलें. गीतांत ‘भाऊ’ हा शब्द कोठेंच नाहीं. त्यामुळें ऐकणारास तें प्रणयगीतही वाटूं शकतें.

नोबुहिरो दोई यांचा २००६ सालचा चित्रपट नेमका याच संदिग्धतेवर उभा आहे. योतारो व काओरू हीं सख्खीं भावंडें नव्हत. त्याच्या आईनें पुनर्विवाह केला, तेव्हां ती नव्या पित्याबरोबर घरांत आली. पिता सोडून गेला, आई वारली, आणि काओरूस सांभाळण्याचा भार योतारोवर पडला. ती शिक्षणासाठीं नाहा शहरीं त्याच्याकडे येते व त्यास ‘नीनी’, म्हणजे दादा, म्हणते. स्वतःचें उपाहारगृह काढण्यासाठीं तो रात्रंदिवस राबतो आणि अखेर एका ठकाकडून नागविला जातो. परस्परांविषयींची ओढ दोघेंही मनांतच ठेवितात.

हें नातें पाहून कांहीं वडीलधाऱ्यांच्या भुंवया चढतील. परंतु कथेचा भर प्रीतीच्या उच्चारावर नसून संयमावर आहे. रडूं येऊं लागलें, कीं योतारो नाक चिमटींत धरितो. बंद पात्रांतील औषधीप्रमाणें आंतल्या आंत कढणारा रामाचा शोक भवभूतीनें वर्णिला आहे. त्याचीच आम्हांस आठवण झाली. मात्र कर्ज, वादळ, आजार अशा आपत्ति एकामागून एक कोसळतात, तेव्हां करुणरस पिळून काढल्यासारखा वाटतो, हा दोष आम्हीं झांकणार नाहीं.

तथापि शेवट त्याची भरपाई करितो. योतारोच्या मृत्यूनंतर काओरूस एक पार्सल येतें. विसाव्या वर्षींच्या प्रौढत्व-समारंभासाठीं त्यानें आधींच पाठविलेला किमोनो त्यांत असतो. उपकार मानावयास मात्र दादा उरलेला नसतो. मोरियामाबाईंच्या गीतांतील कृतज्ञताही अशीच उशिरा उच्चारलेली आहे. ज्या घरीं धाकट्यांसाठीं झिजणारा दादा आहे, तेथें हा चित्रपट त्याच्यासह बसून पाहावा, एवढेंच आमचें सांगणें.