भाजीबाजार ते बाहुल्यांचा बाजार : तोक्योच्या अकिहाबारा पेठेत एक दुपार

— ऊस विकास अधिकारी



डोरेमॉन नावाचं निळं मांजर आज आपल्या घरोघरी पोचलं आहे. आजोबांना बातम्या बघायच्या असतात आणि नातवाला डोरेमॉन. शेवटी जिंकतो नातूच. १९९३ साली दूरदर्शनवर रविवारी सकाळी लागणारा मोगली ज्यांनी पाहिला, ते आज स्वतः बाप झाले आहेत. तो मोगलीही जपानातच चितारलेला होता. अशा चित्रांची, त्यांच्या पुस्तकांची, बाहुल्यांची आणि खेळांची जिथं अख्खी पेठ वसली आहे, ते ठिकाण म्हणजे तोक्यो शहरातील अकिहाबारा.

२०२४ च्या मे महिन्यात, गाळप हंगाम आटोपल्यावर, जपानच्या शेतीची पाहणी करण्यासाठी निघालेल्या एका गटात आम्ही होतो. तिथल्या शेतीविषयी या अंकांतून पुढे सवडीनं लिहूच. मधला एक रविवार मोकळा मिळाला तेव्हा काही मंडळींनी वाटाड्यासह ही पेठ पायी फिरायचं ठरवलं. “बाहुल्या बघायला एवढ्या लांब आलो काय?” असं गटातल्या एका जाणत्या बागायतदारांनी विचारलं. मात्र दुपारी सगळ्यांत पुढे तेच चालत होते.

आमचे वाटाडे साठी ओलांडलेले, नोकरीतून निवृत्त झालेले गृहस्थ. हातात छोटं निशाण, पायात कापडी बूट. इंग्रजी त्यांचंही जेमतेम आणि आमचंही जेमतेम, त्यामुळं एकमेकांचं चांगलं समजलं.

अकिबाचा माळ

१८६९ साली या भागात मोठी आग लागली. घरं लाकडाची, वस्ती दाट. पुन्हा असं होऊ नये म्हणून सरकारनं जळालेली जागा मोकळीच ठेवली आणि १८७० साली तिथं आगीपासून राखण करणाऱ्या देवाचं देऊळ बांधलं. लोकांनी धरून चाललं की हा अग्निरक्षक अकिबा देवच. ‘हारा’ म्हणजे माळ. अकिबाचा माळ तो अकिहाबारा. पुढं १८८८ साली देऊळ दुसरीकडे हलवलं आणि १८९० साली या माळावर रेल्वेचं मालधक्क्याचं स्टेशन झालं. उतारूंची गाडी इथं थांबू लागली ती १९२५ पासून.

आता आपल्या कामाची गोष्ट. १९२३ च्या मोठ्या भूकंपानंतर कांदा भागातला जुना भाजी-फळांचा घाऊक बाजार १९२८ साली स्टेशनजवळ आणला गेला. (कांदा हे तिथल्या वस्तीचं नाव आहे, आपला कांदा नव्हे. आमच्या मंडळींनी यावर व्हायचा तेवढा विनोद करून घेतला.) लिलावात अडते ‘यात्चा, यात्चा’ असा पुकारा करत, म्हणून अशा बाजाराला लोक ‘यात्चाबा’ म्हणत. म्हणजे आज ज्या जागी पोरं खेळण्यांसाठी रांगा लावतात, तिथं साठ वर्षं पहाटे मुळा-कोबीचे सौदे होत होते. हा बाजार १९८९ साली ओता इथं गेला. त्याच्या जागेवर आता यूडीएक्स नावाची काचेची उंच इमारत उभी आहे.

पुलाखालचे रेडिओवाले

दुसरं महायुद्ध संपलं तेव्हा तोक्योचा मोठा भाग बेचिराख झाला होता. लोकांना बातम्या पाहिजेत, पण रेडिओ घ्यायला पैसा नाही. जवळच विजेचं शिक्षण देणारी शाळा होती. तिथले विद्यार्थी सुटे भाग जमवून रेडिओ जुळवायचे आणि विकायचे. त्यांना लागणारे भाग पुरवायला रस्त्याच्या कडेनं टपऱ्या उभ्या राहिल्या.

१९४९ साली अमेरिकी लष्करी अंमलाचा हुकूम निघाला, की रस्त्यावरच्या टपऱ्या हटवा. आपल्याकडं अतिक्रमण हटाव म्हटलं की काय होतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. इथल्या टपरीवाल्यांनी मात्र एकजूट केली, एकत्र बोलणी केली आणि अकिहाबारा स्टेशनच्या रेल्वे पुलाखाली जागा मिळवली. तिथं ‘रेडिओ सेंटर’ आणि ‘रेडिओ स्टोअर’ ही दुकानांची दाट मोहोळं झाली. एकेकट्यानं अर्ज घेऊन गेले असते तर त्यांचा निभाव लागला नसता, असं आम्हाला वाटतं. सहकारात वाढलेल्या माणसाला हे फोड करून सांगायला नको.

रेडिओ सेंटर अजून चालू आहे. दोन माणसं समोरासमोर आली तर एकानं अंग चोरावं लागतं, अशा तिथल्या वाटा. दुकान म्हणजे चार हातांची जागा. खोकीच खोकी आणि त्यांत वायरी, बटणं, दिवे, ट्रान्झिस्टर. मोटारीचा कपॅसिटर आपल्याला माहीत आहे. त्याची नखाएवढी नातवंडं तिथं शेकड्यांनी मांडलेली. म्हातारे दुकानदार चष्मा कपाळावर सरकवून गिऱ्हाइकाला हवा तो भाग काढून देतात, आकडेयंत्राला हात न लावता हिशेब सांगतात. शेजारचं रेडिओ स्टोअर मात्र २०१३ च्या नोव्हेंबरअखेरीस कायमचं बंद झालं. साठ वर्षांहून अधिक काळ चाललेली संस्थाही बंद पडू शकते, हे ऐकताना आमची मंडळी जरा गप्प झाली.

जमीन तीच, पीक वेगळं

पुढं गंमत बघा. रेडिओनंतर टीव्ही, धुलाई यंत्र, शीतकपाट यांचा काळ आला आणि देशभरातले लोक अकिहाबाराला खरेदीला येऊ लागले. १९६२ साली ‘रेडिओ काइकान’ ही आठ मजली इमारत झाली. १९७६ साली याच इमारतीच्या सातव्या मजल्यावर एनईसी कंपनीनं ‘बिट-इन’ नावाचं दालन उघडलं. स्वतः जुळवून बघायचा टीके-८० हा छोटा संगणक-संच कंपनीनं काढला होता, त्यातल्या अडचणी तिथं सोडवून मिळत. शाळकरी पोरं तिथं तासन्‌तास बसून राहत.

नंतर शहराबाहेरच्या रस्त्यांवर अवाढव्य दुकानं झाली, तिथं गाडी लावायला जागा, किंमत कमी. फ्रीज घ्यायला अकिहाबाराला कोण येणार? पेठ बसायची वेळ आली. पण तोवर संगणकाचं वेड लागलेली पोरं इथं रुळली होती. १९९५ साली २३ नोव्हेंबरच्या मध्यरात्री विंडोज ९५ ची जपानी आवृत्ती घ्यायला इथं झुंबड उडाली. या पोरांनाच चित्रकथांचं, खेळांचं, पुतळ्यांचं वेड होतं. दुकानदारांनी ते ओळखलं आणि माल बदलला. गिऱ्हाईक आधी आलं, माल मागून आला.

ऊस विकास विभागात काम करणाऱ्याला इथं फेरपालट आठवल्याशिवाय राहत नाही. एकाच रानात सतत एकच पीक घेतलं की जमीन थकते. या पेठेनं शंभर वर्षांत भाजी, रेडिओ, टीव्ही, संगणक आणि बाहुल्या अशी पिकं घेतली. काही जोडीनं, काही एकामागून एक. जुन्या रेडिओच्या गल्ल्या म्हणजे राखलेला खोडवा म्हणा, अजून थोडं उत्पन्न देतो आहे.

‘ओताकु’ म्हणजे काय?

या शौकीन पोरांना जपानीत ‘ओताकु’ म्हणतात. शब्दाचा मूळ अर्थ ‘आपलं घर’, आणि बोलताना त्याचा उपयोग होतो ‘आपण’ अशा आदरार्थी संबोधनाचा. ही पोरं आपसांत बोलतानाही अवघडून एकमेकांना ‘आपण’ म्हणायची. १९८३ साली अकिओ नाकामोरी या लेखकानं एका मासिकात त्यांची टर उडवली आणि तो शब्दच त्यांना चिकटला. पुढं कित्येक वर्षं ओताकु म्हणणं ही शिवीच होती. घरात कोंडून घेणारा, जगाचं भान नसलेला, असा त्याचा अर्थ. आज त्याच लोकांच्या खिशावर ही पेठ चालते आणि जगभरातून लोक ती बघायला येतात.

दुकानांत शिरल्यावर आमची मंडळी चक्रावली. मजल्यामागून मजले, काचेच्या कपाटांत वीतभर उंचीचे रंगीत पुतळे. एका पुतळ्यावर पंधरा हजार येनची चिठ्ठी. त्या वेळी शंभर येनला पन्नास-पंचावन्न रुपये पडत होते, म्हणजे आठेक हजार रुपये. आमच्या बागायतदारांनी जागेवर हिशेब केला. २०२३-२४ च्या हंगामाची एफआरपी १०.२५ टक्के उताऱ्याला टनाला ३१५० रुपये. म्हणजे या प्लॅस्टिकला अडीच टन ऊस घालावा लागणार, आणि तोही तोडणी-वाहतूक वजा न करता! वाटाड्यांनी पुतळ्याच्या केसांच्या बटा, कापडाच्या चुण्या, डोळ्यांतली चमक दाखवली. प्लॅस्टिकचे पैसे थोडे, कसबाचे जास्त. कच्चा माल विकणारा आणि पक्का माल विकणारा यांच्यातला फरक आपल्या वाडवडिलांनी गुळाच्या अडतीवर सोसला, म्हणून तर साखर कारखाने उभे राहिले. तोच फरक तिथं काचेच्या कपाटात ठेवलेला आहे.

भिंतीला लावलेली नाण्यांची यंत्रंही पाहिली. त्यांना ‘गाचापोन’ म्हणतात. तीनशे ते पाचशे येन टाका, मूठ फिरवा, प्लॅस्टिकच्या गोळ्यात बंद एक खेळणं बाहेर पडतं. कुठलं पडेल ते नशीब.

“मालक, घरी आलात!”

२००१ साली इथं पहिलं कायमचं ‘मेड कॅफे’ सुरू झालं. मोलकरणीचा झालरीचा पोशाख केलेल्या मुली गिऱ्हाइकाला “मालक, घरी आलात!” असं म्हणून आत घेतात, भाताच्या ऑम्लेटवर टोमॅटोच्या चटणीनं चित्र काढून देतात. आमच्यातले काही संकोचले. वाटाड्यांनी नियम सांगितले : हात लावायचा नाही, नाव-पत्ता विचारायचा नाही, परवानगीशिवाय फोटो नाही. आम्ही चहा घेतला आणि भोवती पाहिलं. शेजारच्या टेबलावर चाळिशीचा एक नोकरदार एकटाच बसला होता. त्या मुलीनं त्याला मागच्या वेळची काहीतरी आठवण विचारली तर त्याचा चेहरा खुलला. आमच्या मनात आलं, आपल्या गावची किती पोरं आज पुण्या-मुंबईत एकेका खोलीत राहतात. रात्री दार उघडल्यावर त्यांना “आलास का?” म्हणणारं कोण असतं?

बाहेर चुओ-दोरी हा हमरस्ता वाहनांना बंद होता. रविवारी दुपारी तो पायी चालणाऱ्यांना मोकळा करण्याची पद्धत १९७३ पासूनची. एका चौकात वाटाडे थांबले. ८ जून २००८ रोजी, अशाच एका रविवारी, एका तरुणानं गर्दीत ट्रक घातला आणि मग उतरून सुऱ्यानं वार केले. सात माणसं गेली. त्यानंतर २०११ च्या जानेवारीपर्यंत रस्ता वाहनांना बंद करणं थांबवलं होतं. वाटाड्यांनी मान लववली, आम्हीही हात जोडले.

पुलाखालचा गूळ

फेरीच्या शेवटी त्यांनी आम्हाला पुन्हा रेल्वेखाली नेलं. तिथं २०१३ साली ‘चाबारा’ नावाचा खाद्यपदार्थांचा बाजार झाला आहे. यात्चाबा आणि अकिहाबारा मिळून चाबारा. गेलेल्या भाजीबाजाराची आठवण नावात ठेवली आहे. जपानच्या निरनिराळ्या भागांतला शेतमाल, मसाले, लोणची, मिठाई तिथं मिळते. आम्ही शोधून ओकिनावाची काळी साखर काढली. ओकिनावा हा जपानचा उसाचा मुलूख. उसाचा रस आटवून केलेली ही साखर म्हणजे आपला गूळच. पुडीवर बेटाचं नाव ठळक छापलेलं, कारण गिऱ्हाईक ते वाचून घेतं. बागायतदारांनी चव घेतली आणि म्हणाले, “आपला काही कमी नाही, पुडी तेवढी कमी आहे.”

आज आपल्या धंद्यातही साखरेच्या जोडीला इथेनॉल आणि सहवीज आली आहे. सर्वसाधारण सभेत नवा विषय निघाला की शंका काढणारे असतातच. शंका जरूर काढावी. पण ज्या घरात एखादं पोर रात्र-रात्र मोबाईल उकलत बसतं, ड्रोन किंवा ठिबकच्या स्वयंचलित यंत्राशी खेळत बसतं, त्याला येडं म्हणण्याआधी काय करतोय ते एकदा विचारावं. त्यातलं कुणी इकडं गट कार्यालयात आलं तर बसायला खुर्ची आणि बोलायला माणूस मिळेल, एवढी हमी आमची.

कुणाला तिकडं जायचा योग आला तर दोन सूचना. रविवारी दुपारी एकनंतर जा. उन्हाळ्यात सहापर्यंत आणि ऑक्टोबरपासून पाचपर्यंत रस्ता मोकळा असतो. आणि बिडी-सिगारेट खिशातच ठेवा. त्या चियोदा प्रभागानं २००२ पासून रस्त्यावर धूम्रपानाला दंड ठेवला आहे, तो दोन हजार येनचा. आमच्या बागायतदारांनी काडेपेटी काढली होती. दंडाचे रुपये ऐकून परत खिशात टाकली.