मेसी कव्हरवर, आम्ही डेमोवर

‘फुल व्हर्जन आहे का रे?’ हा प्रश्न ज्यांनी लहानपणी कुणाला तरी विचारलाय, त्यांना डेमो म्हणजे काय हे सांगायला नको. बाकीच्यांसाठी थोडक्यात : नवा गेम बाजारात यायच्या आधी कंपनी त्याचा छोटासा तुकडा फुकट द्यायची. खेळून बघा, आवडला तर विकत घ्या. ब्रिटनमध्ये १९९०च्या दशकात प्लेस्टेशनच्या मासिकासोबत डेमोची डिस्क मिळायची. आपल्याकडे ‘डिजिट’ मासिकासोबत आधी सीडी आणि मग डीव्हीडी यायची, त्यात गेम्सचे डेमो असायचे. मासिक घरात आलं की डिस्क थेट कॉम्प्युटरमध्ये. मासिक कुणी वाचलंच तर नंतर, निवांत.

आमच्या घरचा डेमो मात्र डाउनलोड केलेला. सप्टेंबर २०१२, ‘फिफा १३’. मी तेव्हा नऊ वर्षांची. दादाने रात्री डाउनलोड लावला आणि लाइट जाऊ नये म्हणून देवाला हात जोडले. पूर्ण गेमची किंमत चार आकडी होती आणि आमच्या घरी ‘गेम’ या कारणासाठी चार आकडी रक्कम निघणं शक्य नव्हतं. त्यामुळे डेमो हाच आमचा गेम.

त्यात टीम्स फक्त पाच : आर्सेनल, मँचेस्टर सिटी, डॉर्टमुंड, युव्हेंटस आणि एसी मिलान. गंमत म्हणजे त्या वर्षी ‘फिफा’च्या कव्हरवर मेसी होता, पण डेमोत बार्सिलोनाच नाही! म्हणजे मेसी फक्त बघायचा, खेळवायचा नाही. करिअर मोड नाही आणि मॅचही काही मिनिटांत आटपायची. शेवटची अटॅक रंगात आलेली असताना शिट्टी वाजायची, तेव्हा होणारा त्रागा अजून आठवतो. ‘एस’ने पास, ‘डी’ने शॉट, ‘ई’ दाबून धाव. एका कीबोर्डवर दोघं, त्यामुळे बोटांचीच मॅच जास्त.

पण त्याच डेमोत एक नवी गोष्ट होती. आधी पास आला की बॉल पायाला चिकटायचा. ‘फिफा १३’मध्ये जोरात आलेला पास खेळाडूच्या पायावरून उसळून पुढे जायला लागला. आम्ही आधी वैतागलो. मग कळलं, खरा फुटबॉल असाच असतो. तेवढ्याच पाच टीम्स रोज खेळून कोण किती पळतं, कोणाचा डावा पाय चालतो, सगळं पाठ. आज गेममध्ये शेकडो क्लब असतात, पण कुठल्या एकाची इतकी ओळख होत नाही, असं माझं स्पष्ट मत आहे.

दादाने मँचेस्टर सिटी धरली. त्याच मे महिन्यात अग्वेरोच्या शेवटच्या मिनिटातल्या गोलने ते चॅम्पियन झाले होते, त्यामुळे त्याला काही समजावणं व्यर्थ. माझ्या वाट्याला उरलं डॉर्टमुंड. पिवळी जर्सी, रॉयस, लेवांडोव्स्की, हुमेल्स. जर्मनी नकाशावर कुठेय हे माहीत नसताना मी त्यांची फॅन झाले. २०१३मध्ये वेम्बलीवर ते चॅम्पियन्स लीगची फायनल बायर्नकडून २-१ हरले, तेव्हा घरात मी एकटीच रडत होते. २०२४ला पुन्हा वेम्बली, पुन्हा फायनल, पुन्हा हार, या वेळी रिअल माद्रिदकडून. रॉयस सब म्हणून आला आणि डॉर्टमुंडसाठी ती त्याची शेवटची मॅच ठरली. रात्री साडेबाराला सुरू झालेली ती मॅच मी पूर्ण बघितली.

आणखी एक डेमो मला कायम लक्षात राहील, २०१५चा ‘फिफा १६’. या मालिकेत पहिल्यांदाच महिलांच्या टीम्स आल्या होत्या. डेमोत अमेरिका आणि जर्मनी या दोन होत्या. स्क्रीनवर पोनीटेल उडवत पळणारी खेळाडू मी खेळवतेय, हे फीलिंग मला डेमोनेच दिलं. पूर्ण गेम आमच्याकडे तेव्हाही आला नाहीच.

२०२० मध्ये ‘फिफा २१’चा डेमो येणार नाही असं ईएने जाहीर केलं. वेळ पूर्ण गेमवर घालवू, असं कारण दिलं. मग ‘फिफा’ हे नावही गेलं आणि २०२३ पासून तो ‘ईए स्पोर्ट्स एफसी’ झाला. आता दहा तासांची ट्रायल मिळते, पण त्यासाठी सबस्क्रिप्शन घ्यावं लागतं. म्हणजे चव बघायचेही पैसे. कोनामीचा ‘ई-फुटबॉल’ फुकट आहे, पण आवडता खेळाडू मिळवायला नाणी आणि नशीब, दोन्ही लागतात. आमचा डेमो निदान सरळ होता. एवढंच आहे, पुढचं हवं तर दुकानात जा.

माझा मामेभाऊ आता तेरा वर्षांचा आहे. नवा गेम आला की तो यूट्यूबवर दुसऱ्या कुणीतरी खेळलेल्या मॅचेस तासन् तास बघतो आणि त्यावरून ठरवतो, मामाकडे हट्ट करायचा की नाही.