मेकर स्टुडिओज : चित्रफीत-निर्मात्यांच्या जाळ्याचा उदय आणि अस्त

यूट्यूबवरील स्वतंत्र चित्रफीत-निर्मात्यांना एकत्र आणून जाहिराती व तांत्रिक साहाय्य पुरविणारी आणि मोबदल्यात उत्पन्नाचा वाटा घेणारी कंपनी म्हणजे बहुवाहिनी जाळे होय. लॉस एंजेलिस परिसरात २००९ साली स्थापन झालेली मेकर स्टुडिओज ही त्यांतील अग्रगण्य कंपनी होती. तिच्या जाळ्यात सुमारे ५५ हजार वाहिन्या होत्या. मार्च २०१४ मध्ये डिस्नेने ती ५० कोटी डॉलरना विकत घेण्याचे जाहीर केले. उद्दिष्टे गाठल्यास आणखी ४५ कोटींपर्यंत देण्याचे ठरले.

मात्र या डोलाऱ्याचा पाया कच्चा होता. जाहिरात-उत्पन्नाचा ४५ टक्के वाटा यूट्यूबकडे जाई. उरलेल्या ५५ टक्क्यांतून निर्मात्याला देऊन राही तेवढेच कंपनीचे. शिवाय यूट्यूबने २०१२ मध्ये जाहिरात-भागीदारी सामान्य निर्मात्यांना थेट खुली केल्याने मध्यस्थाची गरज घटली. फेब्रुवारी २०१७ मध्ये आक्षेपार्ह चित्रफितींमुळे डिस्नेने प्यूडीपाय या अत्यंत लोकप्रिय निर्मात्याशी संबंध तोडले. त्याच वर्षी जाळे सुमारे ३०० निर्मात्यांपुरते आवरून मेकरला डिस्नेच्या डिजिटल विभागात सामावून घेण्यात आले.

प्रेक्षकांचे नाते निर्मात्याशी जुळते, मध्यस्थाशी नव्हे, हे यातून स्पष्ट होते. म्हणूनच बिलोलीसारख्या तालुक्याच्या गावातून मराठी चित्रफिती प्रसारित करणाऱ्या विद्यार्थ्यानेही अशा करारावर सही करण्यापूर्वी उत्पन्नातील वाटा, कराराची मुदत आणि वाहिनीची मालकी या तीन बाबी तपासणे अगत्याचे ठरते.