अपॉस्ट्रॉफी म्हणजे सातबारा नव्हे

माधवराव शिंद्यांनी 1897 साली ग्वाल्हेरात सरदारांच्या मुलांसाठी शाळा काढली, ‘सरदार्स स्कूल’. किल्ल्यावरची आजची सिंदिया स्कूल ती हीच. हे नाव इंग्रजीत लिहिताना ‘एस’ आधी आणि अपॉस्ट्रॉफी नंतर, कारण सरदार पुष्कळ होते. ती खूण ‘एस’च्या अलीकडे सरकली की शाळा एकट्या सरदाराची होते. पण मालकी सरदारांची कुठे होती? शाळा दरबारची, त्यांची मुलं तिथं शिकायची, एवढंच. तरीही व्याकरण बिनचूक.

‘पझेसिव्ह म्हणजे मालकी’ हे आपण शाळेत घोकतो आणि पुढचे निम्मे घोटाळे तिथूनच सुरू होतात. ग्वाल्हेरच्या हजिऱ्यात मोहम्मद घौस यांच्या मकबऱ्याशेजारी ‘तानसेन्स टूम’ आहे. ती तानसेनाने विकत घेतली नव्हती, तो तिथं पुरला गेला. ‘टुडेज पेपर’चा मालक ‘आज’ नसतो. ही खूण फक्त नातं सांगते; कोणतं, ते संदर्भावरून ओळखायचं. आपला ‘चा-ची-चे’ तरी दुसरं काय करतो?

शिंदे घराण्यातल्याच जिवाजीरावांचं उदाहरण, ‘जिवाजीराव्ज पोर्ट्रेट’ घ्या. चित्रात जिवाजीराव आहेत, चित्र त्यांच्या मालकीचं आहे, किंवा त्यांनीच काढलंय, असे तिन्ही अर्थ निघतात. इथं ‘ऑफ’ मदतीला येतो. ‘अ पोर्ट्रेट ऑफ जिवाजीराव’ म्हटलं की चित्रात तेच. ‘अ पोर्ट्रेट ऑफ जिवाजीराव्ज’ म्हटलं की चित्र त्यांच्या संग्रहातलं किंवा त्यांच्या हातचं, आत कोणीही असो. ‘ऑफ’ आणि ‘एस’ एकत्र दिसले की लाल शाईने एक उडवणारे मास्तर नेमका हा फरकच उडवतात. हेच मास्तर ‘अ फ्रेंड ऑफ माइन’ मात्र बिनदिक्कत म्हणतात. रचना तीच!

निर्जीव वस्तूला अपॉस्ट्रॉफी चालत नाही, हा नियमही अर्धाच खरा. ‘ग्वालियर्स फोर्ट’ बिनधास्त लिहा; गावं, देश, संस्था, काळ यांना ती सर्रास लागते. टेबलाच्या पायाला ‘टेबल लेग’ म्हणतात, पण ती वहिवाट झाली, कायदा नव्हे.

दोन नावं आली की मात्र जपून. ग्वाल्हेर घराण्याच्या दोन गवयांबद्दलच्या ‘हद्दूखाँ अँड हस्सूखाँज ग्रँडफादर’मध्ये खूण एकदाच, शेवटच्या नावाला, कारण नत्थन पीरबक्ष दोघांचेही आजोबा. शिष्य मात्र ज्याचे त्याचे वेगळे. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांचे गुरू वासुदेवबुवा जोशी हे हस्सूखाँचे. त्यामुळे दोघांच्या शिष्यांबद्दल वेगवेगळं लिहायचं तर खूण दोन्ही नावांना हवी.

‘इट्स’बद्दल एवढंच, की ‘त्याचं’ म्हणताना अपॉस्ट्रॉफी नाही; ती घातलीत की ‘इट इज’ किंवा ‘इट हॅज’ झालं. ‘हिज’, ‘हर्स’, ‘युअर्स’ यांनाही ती कधी लागत नाही.

आणि ही खूण ‘हिज’ शब्दाचा संक्षेप असल्याची समजूतही चुकीची. सतराव्या शतकात खुद्द इंग्रजसुद्धा ‘द किंग हिज क्राउन’ असं लिहीत. पण तसं असतं तर राणीच्या मुकुटाला ‘हर’ लागला असता. खरं तर जुन्या इंग्रजीत बऱ्याच नामांना हे नातं दाखवायला ‘ईएस’ हा प्रत्यय लागे. पुढे त्यातला ‘ई’ गळाला आणि त्याच्या जागी अपॉस्ट्रॉफी बसली.